खड्ड्यात रेंज नसते

त्याला कॉलनीत सगळे हॅलो म्हणत. खरं नाव पगाराच्या दिवशी तेवढं उपयोगी पडायचं. मागून कोणी खांद्यावर हात ठेवला तरी वळण्याआधी त्याच्या तोंडून "हॅलो" निघून जाई. एकदा दाढी करताना न्हाव्यानं त्याची मान सरळ केली, तर साबणाच्या फेसातून हा म्हणाला, "हॅलो, बोला." दुकान खो खो हसलं. तोही हसला. घरी येऊन त्यानं बायकोला सांगितलं. ती मशीनवर कोणाचा तरी झंपर शिवत होती. ती हसली नाही. तिनं पायाखालचं मशीन थांबवलं, त्याच्याकडे बघितलं आणि पुन्हा सुरू केलं.

तो लिफ्ट दुरुस्त करायचा. शहरभरच्या इमारतींची कामं एका कंपनीकडे होती आणि कंपनीची माणसं फोनवर होती. कम्प्लेंट आली की फोन वाजे किंवा थरथरे, मग पडद्यावरचं हिरवं बटण दाबायचं. दाबायला उशीर झाला की त्या कम्प्लेंटची ओळ लाल होई आणि त्या माणसाच्या नावासकट सगळ्यांच्या फोनवर दिसे. याला ते 'लाल होणं' म्हणत. सकाळी चहाच्या टपरीवर पहिला प्रश्न तोच: "काल कोण लाल झालं?" आठवड्याची सुट्टी होती, तिला स्टँडबाय म्हणत. त्या दिवशी घरी बसायचं, पण बूट दाराकडे तोंड करून ठेवायचे.

हॅलो कधीच लाल झाला नव्हता. ती त्याची अब्रू होती. आंघोळीला जाताना फोन प्लास्टिकच्या पिशवीत घालून टॉवेलच्या खिळ्याला अडकवलेला असे. जेवताना पाण्याच्या तांब्याशेजारी. वडील गेले त्या दिवशी खांदा देताना तो शर्टाच्या खिशात थरथरत राहिला, आणि शेजारच्या नातेवाइकाला वाटलं, हाच कापतोय. त्यानं याचा दंड घट्ट धरला आणि म्हणाला, "धीर धर." मुलगी मोठी होत गेली तशी तिची जीभही मोठी झाली. बाबांशी काही बोलायचं असेल तर आईला विचारायची, "कम्प्लेंट कुठे लिहायची गं?"

सुरुवातीला त्याला हे सगळं आवडत असे, हेही सांगायला हवं. दोन मजल्यांच्या मधे अडकलेली माणसं त्यानं बाहेर काढली होती. दार उघडल्यावर दिसणारे ते चेहरे, घामानं चिकटलेले केस, एका म्हातारीनं तर त्याचा तेलकट हात डोळ्यांना लावला होता. माणूस आत अडकलाय, आपण झोपायचं कसं, असं तो म्हणे, आणि ते खरंच होतं. पण रोजच्या कम्प्लेंटी तशा नसत. लिफ्टमधला पंखा फिरत नाही. आरशावर डाग आहेत. दार लागताना टिंग फार मोठ्यानं होतं. वाजायचं मात्र सगळ्यांसाठी सारखंच, त्यामुळे अंगातून जी कळ जायची तीही सारखीच जायची.

मग झोप गेली. म्हणजे डोळे मिटत, पण एक कान उभा असे. फोन फळीवर असताना मांडीवर थरथरे. तो दचकून मांडी चाचपी, तिथे फक्त मांडी असे. डॉक्टरकडे गेला. डॉक्टर म्हणाले, "दुपारी का होईना, फोन बंद करून दोन तास पडत जा." तेवढ्यात फोन वाजला आणि दोघांनीही एकदमच खिशाला हात लावला. फोन डॉक्टरांचा होता.

एका सकाळी तो भानावर आला तेव्हा एका इमारतीच्या गच्चीखालच्या मशीनच्या खोलीत उभा होता. हातात पाना होता. समोरच्या पेटीचं झाकण बसवून झालेलं होतं, चारही स्क्रू घट्ट होते. इमारत कुठली हे त्याला आठवेना. आपण जिना कधी चढलो, पेटी कधी उघडली, आत काय केलं, काही आठवेना. दारामागे टांगलेल्या कार्डावर त्यानं इमारतीचं नाव वाचलं. मग पेटी पुन्हा उघडून बघितली. काम चोख झालं होतं. ते कोणी केलं हे त्याला माहीत नव्हतं.

त्या दिवशी पहिल्यांदा तो स्वतःच्या हातांना घाबरला.

बायकोला त्यानं ते सांगितलं. ती दोरा ओवत होती, तो तिनं सुईतून परत काढून घेतला.

"अजून कोणाला बोललात?"

"कोणाला बोलू?"

"साहेबांना. चार दिवस रजा मागा."

"रजेतही स्टँडबाय असतोच."

"मग आजारी पडा."

"आजारी माणसाचा फोन लागतोच की."

"अहो, थट्टा नाही करत मी." तिनं सुई कापडात टोचून ठेवली. "माझा भाऊ तुमच्याबरोबर खाली उतरतो. मला एकच आहे तो."

तिचा धाकटा भाऊ त्यांच्याच मागच्या खोलीत राहायचा. हॅलोनंच त्याला या धंद्यात आणलं होतं. तिशी उलटून गेलेला, अंगानं बारीक, तोंडानं फाटका. कामाची जोडी ठरली ती तेव्हापासून: वर हा, खाली तो, किंवा दोघंही खाली. बहिणीच्या नवऱ्याला तो दाजी म्हणे आणि त्याच्याच तोंडावर त्याच्या नकला करी.

हॅलोनं साहेबांना फोन केला. साहेब खूश होते. "अरे, तू तर आपला हुकमाचा एक्का! तुला सोडला तर पत्ते कोणाच्या जिवावर खेळू मी? पुढच्या महिन्यात बघू. आणि झोप येत नाही म्हणतोस, तर आपल्या लाइनला ते बरंच की!" साहेब बराच वेळ हसत होते. हॅलो म्हणाला, "हो साहेब."

आता त्या खड्ड्याबद्दल. लिफ्ट ज्या उभ्या विहिरीतून वरखाली करते तिच्या तळाशी, तळमजल्याच्याही खाली, एक खड्डा असतो. त्यात लिफ्टला आधार द्यायला जाड स्प्रिंगा असतात, तेल असतं, वरून पडलेल्या किल्ल्या आणि गोळ्यांचे कागद असतात. तळमजल्याचं दार चावीनं उघडून लोखंडी शिडीनं त्यात उतरायचं. शिडीशेजारी भिंतीवर लाल बटण असतं. ते दाबलं की लिफ्ट जागची हलत नाही. हॅलोला ज्यानं काम शिकवलं त्या उस्तादानं पहिल्या दिवशी सांगितलं होतं, "उतरताना दाब. बाहेर येताना ओढ, दार लाव. डोक्यावर विसंबायचं नाही, डोकं घरी बायकोशी भांडत असतं. हाताला शिकव." आणि त्यानं ते कान धरून हाताला शिकवलं होतं. खरं तर वरच्या खोलीतला मोठा स्विचही बंद करून यायचं असतं. पण तेवढे जिने चढायचे, उतरायचे, आणि मधे कम्प्लेंट आली तर? खड्डा साफ करण्याइतक्या कामाला सगळेच त्या लाल बटणावर भागवत.

त्या दुपारी एका उंच इमारतीच्या खड्ड्यात पाणी झिरपलं होतं. लाल बटण दाबून लिफ्ट वर कुठेतरी थांबवून ठेवली होती. तळमजल्यावर 'काम चालू आहे' ही पाटी लावली होती, वरच्या मजल्यांवर नव्हती. मेहुणा स्प्रिंगांच्या मागे पोटावर पडून फडक्यानं पाणी टिपत होता आणि बादलीत पिळत होता. हॅलो शिडीशी टॉर्च धरून उभा होता. उघड्या दारातून थोडा उजेड येत होता.

"दाजी, टॉर्च माझ्यावर धरा. भिंतीचा फोटो काढायचाय का?"

"धरलाय की."

"झोपला होतात. उभ्या उभ्या. घोडा झोपतो तसे."

"बडबड कमी कर."

"मी बडबडतो म्हणून जागे आहात. ताईला म्हणावं, याचा पगार वेगळा दे."

हॅलोचं लक्ष फोनकडे होतं. खड्ड्यात रेंज नसते. तिथे गेलेला प्रत्येक क्षण त्याला पाण्याखाली गेल्यासारखा वाटे. वर काहीतरी वाजत असेल, लाल होत असेल, आणि आपण इथे. तेवढ्यात कुठून तरी एक काडी रेंज आली, फोन अर्धाच वाजला आणि बंद पडला.

"आलोच," तो म्हणाला.

"या, या. आम्ही कुठे जातोय!"

तो शिडी चढला. वर आल्यावर त्याच्या हातानं जे हजारदा केलं होतं ते केलं. लाल बटण ओढलं. दार लावलं. कडी बसल्याचा आवाज झाला. हॅलो तोवर मीटरच्या पेट्यांपाशी खिडकीकडे पोचला होता. रेंज तिथे मिळायची. त्यानं तो आवाज ऐकला असेल, पण रोजचा आवाज होता तो.

"हॅलो."

"दादा, किती वेळ लावलात?" कंपनीत कम्प्लेंट घेणारी ताई. तिला त्यानं कधी पाहिलं नव्हतं, पण तिला सर्दी झाली तरी त्याला कळत असे. "दोन मिनिटांत लाल झाला असता. तो कोपऱ्यावरच्या हॉटेलच्या लिफ्टमधला पंखा. परवा दुरुस्त केला म्हणताय, ते म्हणतात आवाज करतो."

"आवाज म्हणजे कसला?"

"थांबा, त्यांनाच जोडते."

एक धून वाजू लागली. त्यानं कपाळ खिडकीच्या गार गजाला टेकवलं. त्या धुनेत त्याचे डोळे क्षणभर मिटले. लिफ्टच्या विहिरीच्या दारामागून काहीतरी ठोकल्यासारखं वाटलं. असे आवाज तर त्याला झोपेतही यायचे.

टिंग.

लिफ्टचं दार उघडलं. आतून एक बाई रिकामी पिशवी घेऊन बाहेर आल्या. पाटीकडे बघून हसल्या. "झाली वाटतं चालू! बरं केलंत हो, गुडघ्यांनी जीव घेतलाय माझा."

"हो," हॅलो म्हणाला.

आणि मग त्याला समजलं. लिफ्ट तळमजल्यावर उभी होती, दिवा लागलेली, आरशासकट, स्वच्छ. ती ज्याच्या डोक्यावर उभी होती त्या जागेत आडवा माणूस मावतो. बसलेला मावत नाही. आपण निघालो तेव्हा मेहुणा आडवा होता. पण बादलीत फडकं पिळायला तो दर वेळी उठून बसायचा.

त्यानं आत हात घालून लिफ्टमधलं स्टॉपचं बटण दाबलं. बोट दाबून ठेवलं आणि दाबलंय की नाही ते पुन्हा बघितलं. "मावशी, इथे बाहेर उभ्या राहा. कोणालाही आत पाय टाकू देऊ नका. कोणी काही म्हणू दे."

"काय झालं?"

"खाली माणूस आहे."

बाईंच्या हातातली पिशवी गळून पडली. हॅलो फरशीवर पालथा झाला. उंबऱ्याच्या फटीला त्यानं तोंड लावलं. फटीतून ओला, तेलकट वारा येत होता.

"अरे ए... ऐक ना. ए!"

काही नाही.

"अरे बोल काहीतरी!"

खाली पाण्याचा थेंब पडल्याचं ऐकू आलं. त्याला आणखी एक ओल आठवली, माणसाच्या अंगातली, आणि त्यानं तो विचार दातांखाली धरला. बायको दोरा ओवताना दिसली. ती मान वर करत होती. तिनं पूर्ण मान वर करायच्या आत काहीतरी व्हायला हवं होतं.

हातात फोन वाजला.

"हॅलो," तो म्हणाला.

फरशीवर पालथा, फटीला तोंड लावलेला, तो म्हणाला, "हॅलो." आणि पलीकडून ताई म्हणाली, "अहो, कट झाला कॉल. तर त्या पंख्याचं..."

तेव्हा फटीतून, अगदी जवळून, आवाज आला. "दाजी, त्यांचं उरकून घ्या आधी. मी आहे इथेच."

मावशी जोरानं रडायला लागल्या. हॅलो उठून जिन्याकडे धावला.

त्याला सगळे मजले चढायचे होते. फोन खिशात पुन्हा वाजू लागला. प्रत्येक वळणावर त्याचा उजवा हात खिशाकडे जाई, आणि तो डाव्या हातानं त्याला मनगटात धरून ठेवी, जसं रस्ता ओलांडताना पोराला धरतात. धाप लागली होती, पण भीती धापेची नव्हती. वर गेल्यावर आपण काय करू, ही होती. वर मशीन आहे, चाक आहे, ब्रेक आहे, आणि त्यांना हात लावणार ते हे हात.

मोठा स्विच त्यानं बंद केला. कुलूप लावलं, किल्ली तोंडात धरली. ब्रेक सोडून हातानं चाक फिरवायचं होतं, म्हणजे लिफ्ट वर येईल. चाकावर बाण रंगवलेले होते, एक वरचा, एक खालचा. कुठला कुठला, हे तो झोपेतही सांगू शकला असता, आणि म्हणूनच त्याचा त्याच्यावर भरवसा राहिला नव्हता. त्यानं बाणाकडे बघितलं. डोळे मिटून उघडले आणि पुन्हा बघितलं. बाणाखालची अक्षरं बोटानं चाचपून मोठ्यानं वाचली: "वर." किल्ली दातांत असल्यामुळे ते नीट उमटलं नाही, म्हणून ती काढून पुन्हा वाचलं. मग ब्रेक थोडा सोडला. चाक थोडं फिरवलं. थांबला. खालून ओरड आली नाही. आणखी थोडं.

खाली येऊन त्यानं तळमजल्याचं दार चावीनं उघडलं. मेहुणा शिडीनं आपण होऊन वर आला. कपाळाला ग्रीस, एका कानाची साल निघालेली, पँट गुडघ्यापर्यंतच नाही तर वरपर्यंत ओली. मावशींनी कुठून तरी पाणी आणलं होतं. त्याला पेला धरता येईना, तेव्हा त्यांनीच पाजलं.

"आधी अंधार झाला," तो म्हणाला. "मला वाटलं, तुम्ही गंमत करताय. दार ठोकलं. मग दोर हलायला लागले. परत आडवा झालो. वारा आला बघा, नाकाला लागला. आणि मग वारा थांबला."

"मी हाका मारत होतो. ओ का दिली नाहीस?"

"तोंडच उघडेना, दाजी. तुमचं हॅलो ऐकलं तेव्हा उघडलं."

हॅलो त्याच्यासमोर उकिडवा बसला होता. तो म्हणाला, "चूक माझी."

"माहितेय. ताईला सांगू नका." मेहुण्यानं ग्रीस पुसायचा प्रयत्न केला, ते आणखी पसरलं. "पण मी तुमच्याबरोबर खाली उतरणार नाही. दुसरा कोणीही चालेल, अगदी नवशिका. तुमच्याबरोबर नाही."

यात चेष्टा नव्हती. हॅलो वाट बघत राहिला, पुढे काहीतरी चेष्टा येईल म्हणून. आली नाही.

घरी जाताना बसमध्ये दोघं वेगवेगळ्या बाकांवर बसले. हॅलोच्या फोनवर त्याच्या नावाची लाल ओळ उमटली होती. आयुष्यातली पहिली. तिच्याकडे बघून त्याला लाज वाटली, आणि अशा दिवशी आपल्याला त्याची लाज वाटते हे कळल्यावर त्यानं फोन पालथा करून मांडीखाली दाबला.

बायकोनं भावाचा कान बघितला आणि त्याच्या हातात साबण ठेवला. तो साबण घेऊन मोरीत गेला. मग हॅलोनं उभ्या उभ्या सगळं सांगितलं. बटण, दार, धून, फट. ती मशीनच्या खुर्चीवर बसून ऐकत होती.

"फोन कसला होता?"

"पंखा. आवाज करतो म्हणून."

ती उठली. तिनं खिडकीचा पडदा ओढला, गादी घातली, त्याच्या हातातून फोन घेतला. "पडा."

"अगं, साहेबांना कळवायला..."

"पडा म्हणते ना."

तो पडला. उतरती उन्हं पडद्यातून तांबूस दिसत होती. फोन वाजला. त्याचा खांदा गादीवरून उचलला गेला. बायकोनं त्याच्या छातीवर पंजा ठेवून तो खाली दाबला आणि दुसऱ्या हातानं फोन कानाला लावला.

"ते झोपलेत."

पलीकडे कम्प्लेंटवाली ताई गोंधळली असावी. "झोपलेत म्हणजे? काय लिहू मी?"

"झोपलेत, असं लिहा."

"तसं बटण नाही हो इथे." थोडं थांबून ती हळू आवाजात म्हणाली, "ताई, मी पण काल सकाळपासून इथेच आहे. तुम्ही फोन ठेवा. कम्प्लेंट आपोआप दुसऱ्याकडे जाते."

"दुसरं कोण?"

"त्यांच्याच जोडीतले. तुमच्याच पत्त्यावरचे आहेत ते."

बायकोनं फोन ठेवला. ती मोरीकडे वळली. मोरीतलं पाणी थांबलं, आणि फळीवर ठेवलेला भावाचा फोन वाजायला लागला. भाऊ टॉवेल गुंडाळून बाहेर आला, कानाच्या मागे फेस तसाच. फोनकडे बघत राहिला. त्याचा हात किंचित पुढे झाला.

"नाही," ती म्हणाली.

"ताई, लाल होईल."

"होऊ दे."

फोन फळीवर थरथरत कडेला सरकत चालला होता. बहीणभाऊ त्याच्याकडे बघत होते, जसं घरात शिरलेल्या जनावराकडे बघतात. कडेला पोचायच्या आधी तो थांबला. घर एकदम एवढं शांत झालं की नळाचा थेंबही ऐकू येऊ लागला.

गादीवरून हॅलोचा आवाज आला, जड, अर्धा बुडालेला. "कसली होती गं?"

तिनं फळीवरचा फोनही उचलून घेतला.

"कम्प्लेंट. कसली होती?"

"विचारलं नाही मी," ती म्हणाली.

भाऊ खुर्चीवर बसला. फेस मानेवरून ओघळत होता, तो त्यानं पुसला नाही. पंखा असेल, आरसा असेल. दोघांच्याही मनात दुसरंच होतं. कुठल्या तरी इमारतीत, दोन मजल्यांच्या मधे, दाराला कान लावून उभं असलेलं कोणीतरी.

"अडकलं असेल का कोणी?" भाऊ पुटपुटला.

"हळू बोल."

गादीवरून घोरणं सुरू झालं. आधी अडखळत, मग खोल. बहीणभाऊ एकमेकांकडे न बघता ते ऐकत बसले. दोन्ही फोन तिच्या मांडीवर होते आणि तिनं त्यांच्यावर हात ठेवले होते.